कै. हिराबाई बडोदेकर : रंगमंचावरील एक शालीन स्वर

आपल्या मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी एखाद्या थोर मराठी व्यक्तीचे चरित्र लिहून द्यावे, अशी सूचना संपादक मंडळाने केली, तेव्हा आमच्या मनात प्रथम नाव आले ते गायिका व नाट्यअभिनेत्री कै. हिराबाई बडोदेकर यांचे. याला दोन कारणे आहेत. देवनहळ्ळीस राहणाऱ्या आपणां मराठी मंडळींच्या कानांवर दिवसभर कानडी पडते, घरात मराठी बोलली जाते आणि कचेरीत हिंदी व इंग्रजी चालते. अशा ठिकाणी आपले म्हणावे असे नेमके काय, हा प्रश्न अधूनमधून पडतोच. हिराबाईंचे चरित्र या प्रश्नाला फार सुंदर उत्तर देते. त्यांच्या गाण्याचे मूळ उत्तरेतल्या कैराना गावी, आजोळ बडोद्याचे, जन्म मिरजेचा, कर्मभूमी पुणे, आणि त्याच गाण्याची एक थोरली शाखा धारवाड-हुबळीकडे बहरलेली. तरीही हे गाणे ऐकताना मराठी माणसाला ते आपल्या घरचेच वाटत आले आहे.

दुसरे कारण आपल्या गणेशोत्सवाचे. उत्सवात आपल्या मुली आणि सुना मंचावर येऊन नाट्यपदे म्हणतात, नाटुकलीत कामे करतात आणि पुढच्या रांगेत बसलेले सासू-सासरे कौतुकाने टाळ्या वाजवतात. यात विशेष काही आहे, असे आज कोणासही वाटत नाही. परंतु शंभर वर्षांपूर्वी हे दृश्य दुर्मिळ होते. ते सहज व्हावे म्हणून ज्यांनी आयुष्य वेचले, त्यांत हिराबाईंचे स्थान फार वरचे आहे.

हिराबाईंचा जन्म ३० मे १९०५ रोजी मिरजेस झाला. मिरज हे तंतुवाद्यांचे गाव. तेथील सतारमेकरांच्या गल्लीत भोपळ्यांपासून तंबोरे आणि सतारी घडतात. या वाद्यांना २०२४ साली भौगोलिक मानांकनही मिळाले. हिराबाई जन्मल्या त्याच १९०५ साली मिरजेच्याच रंगमंचावर किर्लोस्कर मंडळीच्या 'शाकुंतला'त नारायण श्रीपाद राजहंस नावाचा सतरा वर्षांचा मुलगा शकुंतला होऊन उभा राहिला. तेच पुढे बालगंधर्व म्हणून महाराष्ट्राचे दैवत झाले. ज्या गावात पुरुषाने स्त्रीभूमिकेचा कळस गाठण्यास आरंभ केला, त्याच गावात त्याच वर्षी ती भूमिका स्त्रीच्या हाती आणणारी मुलगी जन्मास यावी, हा योगायोग आम्हांस मोठा अर्थपूर्ण वाटतो.

हिराबाईंचे वडील म्हणजे किराणा घराण्याचे अध्वर्यू उस्ताद अब्दुल करीम खाँ. कैराना हे त्यांचे मूळ गाव आज उत्तर प्रदेशाच्या शामली जिल्ह्यात आहे. तरुणपणी खाँसाहेब बडोद्याच्या दरबारी गायक होते. तेथे सरदार मारुतीराव माने यांच्या कन्या ताराबाई यांना ते गाणे शिकवू लागले. माने घराण्याचे राजघराण्याशी जवळचे नाते होते. गुरु-शिष्येचे प्रेम जुळले, आणि त्या काळी जे होणार तेच झाले. दोघांना बडोदे सोडावे लागले. मुंबई, मिरज, पुणे अशी बिऱ्हाडे करीत संसार चालला. दोन मुलगे आणि तीन मुली झाल्या. मुलांना घरात दोन-दोन नावे होती. अब्दुल रहमान तोच सुरेश, चंपाकली तीच हिरा, गुलाब तीच कमला आणि सकीना तीच सरस्वती. दुसरे चिरंजीव कृष्णराव. पुढे ही पाचही भावंडे संगीतात राहिली.

पुण्यात खाँसाहेबांचे आर्य संगीत विद्यालय होते. मुलांच्या कानांवर पहाटेपासून तंबोरा पडत असे. परंतु हे घर टिकले नाही. १९२२ च्या सुमारास ताराबाई खाँसाहेबांपासून कायमच्या विभक्त झाल्या आणि मुलांना घेऊन स्वतंत्र राहिल्या. सुरेशबाबू व कृष्णराव यांनी आईचे माने हे आडनाव लावले, तर हिराबाई व कमलाबाई यांनी आईच्या गावावरून बडोदेकर हे नाव घेतले.

येथे वाचकांनी क्षणभर थांबावे, अशी आमची विनंती आहे. सरकारी नोकरीत आमची तीस वर्षे गेली. या काळात हजारो अर्ज डोळ्यांखालून गेले. त्या प्रत्येकात वडिलांचे नाव हा रकाना असे, आणि तो रिकामा ठेवलेला अर्ज पुढे सरकत नसे. पारपत्रासाठी आई किंवा वडील यांपैकी एकाचे नाव पुरे, असा नियम २०१६ साली झाला. महाराष्ट्रात मुलाच्या नावापुढे आईचे नाव लावण्याचे बंधन १ मे २०२४ पासून आले. हे ध्यानात घेतले म्हणजे १९२२ साली एका एकाकी स्त्रीने पाच मुलांना आपले नाव देऊन समाजापुढे उभे करणे म्हणजे काय होते, याची कल्पना येते. हिराबाईंच्या गळ्यात वडिलांचा स्वर होता आणि पाठीशी आईचे नाव होते. त्यांचे सारे पुढचे आयुष्य या दोन ठेवींचा मान राखण्यात गेले, असे म्हटल्यास चूक होणार नाही.

हिराबाईंना आरंभीची तालीम थोरले बंधू सुरेशबाबू यांच्याकडून मिळाली. पुढे खाँसाहेबांचे आप्त उस्ताद अब्दुल वहीद खाँ यांनी त्यांना रीतसर शिकविले. वहीद खाँना ऐकू कमी येई, म्हणून लोक त्यांना बहरे वहीद खाँ म्हणत. रागाचा एकेक स्वर घेऊन त्याभोवती अतिशय संथ गतीने आलापीची इमारत उभी करणे, हे त्यांचे वैशिष्ट्य. घाई त्यांना ठाऊकच नव्हती. अब्दुल करीम खाँच्या गायकीतला आर्त गोडवा आणि वहीद खाँची शिस्तबद्ध बढत, या दोहोंचा संगम हिराबाईंच्या गळ्यात झाला. त्यांच्या गाण्यात तानेचा झगडा नसे आणि लयकारीची कसरत नसे. स्वर नेमक्या जागी लागे आणि तेथे निवांत थांबे. एवढ्यानेच श्रोता तृप्त होई.

१९२१ साली मुंबईस पं. विष्णु दिगंबर पलुस्करांच्या गांधर्व महाविद्यालयाच्या संगीत परिषदेत हिराबाई प्रथम जाहीरपणे गायल्या. तेव्हा त्यांचे वय सोळा वर्षांचे होते. हा प्रसंग लहान वाटला तरी त्याचे महत्त्व मोठे आहे. त्या काळी स्त्रीने गावे ते दरबारात, धनिकाच्या दिवाणखान्यात किंवा लग्नकार्याच्या बैठकीत. श्रोते बहुधा पुरुषच असत. बिदागी कोणी किती द्यायची हे यजमान ठरवी आणि त्याच्या मर्जीवर गाणारणीचा मान अवलंबून राही. कुलीन घरातली मुलगी गाणे शिकलीच, तर ते देवघरापुरते. पलुस्करांनी आयुष्यभर संगीताला प्रतिष्ठा मिळवून देण्यासाठी झगडा केला. त्यांच्याच व्यासपीठावरून हिराबाईंचा आरंभ व्हावा, हे उचितच झाले.

पुढे हिराबाईंनी तिकीट लावून जाहीर जलसे करण्यास सुरुवात केली. तिकीट लावून गाणाऱ्या पहिल्या स्त्री कलावंत म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. तिकीट म्हणजे कागदाचा एक तुकडा. परंतु त्या तुकड्याने गाणारी आणि ऐकणारा यांचे नातेच पालटले. जो पैसे देईल तो येईल, ठरलेल्या वेळी येईल, ठरलेल्या खुर्चीवर बसेल आणि गाणे संपताच घरी जाईल. यजमानाची मर्जी संपली. मुख्य म्हणजे शिक्षक, कारकून, वकील अशी पांढरपेशी मंडळी आपल्या कुटुंबासह येऊ लागली. स्त्रियांना गाणे ऐकण्याची सोय झाली. हिराबाई मंचावर येत त्या साधे, नीटनेटके लुगडे नेसून, दोन्ही खांद्यांवरून पदर घेऊन. श्रोत्यांना नम्रपणे नमस्कार करून बसत. गाताना हातवारे नसत, मुद्रा शांत असे. ही शालीनता त्यांच्या स्वभावातली होती. त्यांनी कोणाशी वाद घातला नाही, व्याख्याने दिली नाहीत. समोर बसलेल्या गृहिणीला वाटावे की ही आपल्यातलीच एक आहे, एवढे त्यांनी केले. मग आपल्या मुलीलाही गाणे शिकवावे, असे त्या गृहिणीला वाटू लागले.

यानंतरचा टप्पा रंगभूमीचा. मराठी संगीत नाटकाचा तो वैभवकाळ होता, आणि त्यात स्त्रीभूमिका पुरुषच करीत. स्त्रियांच्या काही स्वतंत्र मंडळ्या होत्या, त्यांत पुरुषांच्या भूमिकाही स्त्रियाच करीत. परंतु स्त्री-पुरुषांनी एकत्र काम करणे समाजाला मानवत नव्हते. बालगंधर्वांच्या सुभद्रेला आणि सिंधूला पाहून घरंदाज स्त्रियाही नेसण्या-माळण्याचे धडे घेत, इतकी त्यांची मोहिनी होती. अशा वेळी खऱ्याखुऱ्या स्त्रीने सुभद्रा म्हणून उभे राहणे म्हणजे लोकांच्या मनातल्या मूर्तीशी स्पर्धा करणे होते.

हे धाडस माने-बडोदेकर भावंडांनी केले. त्यांच्या नूतन संगीत विद्यालयाची नाट्यशाखा १९२९ साली उभी राहिली. सुरेशबाबू, हिराबाई, कमलाबाई आणि धाकट्या सरस्वतीबाई अशी घरचीच मंडळी तिच्या केंद्रस्थानी होती. अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'सौभद्र', खाडिलकरांचे 'विद्याहरण', गडकऱ्यांचे 'पुण्यप्रभाव' ही नाटके त्यांनी केली. 'साध्वी मीराबाई'सारखे भक्तिरसप्रधान नाटकही केले. 'सौभद्रा'तली हिराबाईंची सुभद्रा लोकांच्या लक्षात राहिली. त्यांचा अभिनय गाण्यासारखाच संयत होता. नाट्यपद म्हणताना वन्समोअरच्या मोहाने ते लांबवीत नेण्याची त्या काळी सर्रास पद्धत होती. हिराबाईंनी पदातला भाव ओलांडून गाण्याची आतषबाजी केली नाही. मुख्य गोष्ट अशी की, सख्ख्या भावाच्या सोबतीने सख्ख्या बहिणी रंगमंचावर उभ्या राहिल्या, तेव्हा टीका करणाऱ्यांना बोट ठेवण्यास जागा उरली नाही. घरच्या माणसांनी घरच्या विश्वासाने चालविलेली ती मंडळी होती.

परंतु काळ अनुकूल नव्हता. १९३१ साली 'आलम आरा' हा पहिला हिंदी बोलपट आला आणि १९३२ साली प्रभातचा 'अयोध्येचा राजा' मराठीत बोलू लागला. नाटक पाहण्यास जो रुपया लागे, त्याच्या काही आण्यांत बोलपट दिसू लागला. पडदे, पोशाख, मुक्काम, प्रवास आणि पन्नासएक माणसांचे दोन वेळचे जेवण हा नाटक मंडळीचा खर्च मात्र कमी होत नव्हता. मोठमोठ्या मंडळ्या डबघाईस आल्या, तेथे या लहान मंडळीचे काय! काही वर्षांतच नाट्यशाखा तोट्यात जाऊन बंद पडली. हिराबाईंनी त्याबद्दल कोणाला दोष दिला नाही. तंबोरा जुळविला आणि पुन्हा मैफलीकडे वळल्या. गावोगावच्या जलशांवर घराचा योगक्षेम चालला. 'सुवर्णमंदिर', 'प्रतिभा', 'संत जनाबाई' अशा काही बोलपटांतही त्यांनी कामे केली. तरी कॅमेऱ्यापुढे त्या रमल्या नाहीत.

नाट्यशाखा अल्पायुषी ठरली म्हणून ती व्यर्थ गेली, असे मात्र नव्हे. १९३३ साली नाट्यमन्वंतर संस्थेच्या 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात ज्योत्स्नाबाई भोळे रंगमंचावर आल्या. पुढे खुद्द बालगंधर्वांच्या मंडळीत कर्नाटकातल्या गोहरबाई कर्नाटकी स्त्रीभूमिका करू लागल्या. वाट एकदा मळली की तिच्यावरून चालणाऱ्यांना ती कोणी पाडली हे आठवत नाही. हिराबाईंची मंडळी ही त्या वाटेवरची आरंभीची पावले होती.

येथे त्यांच्या आवाजाच्या दुसऱ्या प्रवासाचा उल्लेख केला पाहिजे. तो ध्वनिमुद्रिकेचा आणि नभोवाणीचा. त्या काळच्या तबकडीच्या एका बाजूस जेमतेम तीन-साडेतीन मिनिटे मावत. ज्या गायकीचे वैशिष्ट्यच संथपणा, तिला एवढ्या वेळेत बसविणे म्हणजे महासागर घागरीत भरणे. हिराबाईंनी ते साधले. ख्याल, ठुमरी, नाट्यपद, भजन आणि मराठी भावगीत असे सर्व प्रकार त्यांनी तबकडीवर गायले, आणि चहाच्या दुकानापासून वाड्याच्या माजघरापर्यंत त्यांचा आवाज पोहोचला. मुखडा न दिसता केवळ स्वरावर माणूस ओळखला जाण्याचे ते युग होते. धाकट्या भगिनी सरस्वतीबाई राणे यांनी १९४३ सालच्या 'रामराज्य' या हिंदी चित्रपटात शोभना समर्थ यांच्या सीतेसाठी पार्श्वगायन केले. पडद्यावर चेहरा एकीचा आणि स्वर दुसरीचा, ही रीत पुढे सर्वमान्य झाली. एकाच घरातल्या दोन बहिणींनी रंगमंच, तबकडी, नभोवाणी आणि पडदा अशी आवाजाची सारी दालने पालथी घातली.

आम्ही हिराबाईंना प्रत्यक्ष ऐकले नाही. आमचे बालपण सांगलीकडे गेले. आकाशवाणीच्या सांगली केंद्रावर सकाळच्या वेळी त्यांच्या जुन्या मुद्रिका लागत, तेव्हा आमची आजी ताक घुसळण्याचे थांबवून दाराशी येऊन उभी राही. तिला राग कळत नव्हता. शाळेतही ती गेली नव्हती. पण हिराबाई गाऊ लागल्या की तिच्या चेहऱ्यावर जे समाधान उमटे, ते आम्ही विसरलो नाही. त्यांच्या गाण्याची थोरवी आम्हांस प्रथम आजीच्या चेहऱ्यावरून कळली.

२७ ऑक्टोबर १९३७ रोजी अब्दुल करीम खाँ यांचे निधन झाले. पाँडिचेरीला जात असता प्रकृती बिघडल्याने ते मद्रासजवळच्या सिंगपेरुमाळकोविल या लहान स्टेशनावर उतरले आणि तेथेच त्यांनी देह ठेवला. मिरजेस मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात त्यांना चिरविश्रांती मिळाली. त्यांच्या स्मरणार्थ तेथे दरवर्षी संगीतसभा भरते. वडिलांचे घर सुटले तरी वडिलांचे गाणे मुलांनी सोडले नाही. किराणा घराणे महाराष्ट्रात घरोघरी पोहोचविण्यात सुरेशबाबू आणि हिराबाई यांचा वाटा फार मोठा आहे.

तिकडे कर्नाटकात खाँसाहेबांचे शिष्य रामभाऊ कुंदगोळकर, म्हणजे सवाई गंधर्व, यांच्याकडे हुबळीच्या गंगूबाई हनगल शिकल्या आणि गदगचे भीमसेन जोशी शिकले. घरी कानडी बोलणारी ही मंडळी मराठी श्रोत्यांनी डोक्यावर घेतली, आणि मराठी हिराबाईंचे गाणे कानडी मुलखाने आपले मानले. सवाई गंधर्वांच्या निधनानंतर भीमसेनांनी १९५३ पासून पुण्यात त्यांच्या नावाचा महोत्सव भरविला, त्यातही हिराबाई गायल्या. सीमेवरून दोन्ही बाजूंनी पुष्कळ शाई आणि आवाज खर्ची पडला आहे. गाणे मात्र मिरजेहून धारवाडास आणि धारवाडाहून पुण्यास कोणताही दाखला न दाखविता जात-येत राहिले. देवनहळ्ळीच्या किल्ल्याच्या सावलीत मराठी नाट्यपद ऐकणाऱ्या आपणांस हे वेगळे सांगावयास नको.

मानसन्मान हिराबाईंकडे चालत आले. सरोजिनी नायडू यांनी त्यांना गानकोकिळा म्हणून गौरविले. १९४७ साली स्वातंत्र्याच्या सोहळ्यात दिल्लीस 'वंदे मातरम्' गाण्याचा मान त्यांना मिळाला. ज्या मुलीच्या आईवडिलांना एकमेकांवरील प्रेमापायी संस्थान सोडावे लागले होते, ती मुलगी स्वतंत्र राष्ट्राच्या जन्मवेळी राजधानीत गात होती. १९५३ साली भारतीय कलावंतांच्या शिष्टमंडळातून त्या चीनला जाऊन आल्या. पूर्व आफ्रिकेतील आपल्या बांधवांनाही त्यांनी गाणे ऐकविले. १९६५ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि १९७० साली पद्मभूषण हे सन्मान त्यांना लाभले. पण त्याच १९५३ सालाने त्यांच्यावर मोठा आघातही केला. त्या वर्षी सुरेशबाबू गेले. बंधू, गुरू आणि रंगमंचावरचा सोबती असा तिहेरी आधार एकाच वेळी तुटला. सुरेशबाबूंच्या तरुण शिष्या प्रभा अत्रे यांना हिराबाईंनी पुढे आपल्याजवळ घेऊन शिकविले. प्रभाताईंना २०२२ साली पद्मविभूषण मिळाले आणि १३ जानेवारी २०२४ रोजी त्या निवर्तल्या. अशी ही परंपरा हातातून हातात गेली. सरस्वतीबाईंसमवेत हिराबाईंनी गायलेली जुगलबंदी हेही त्या काळी नवल होते. दोन स्त्रियांनी एकत्र ख्याल गावा, ही रूढी या भगिनींपासून पडली.

२० नोव्हेंबर १९८९ रोजी पुण्यात हिराबाईंनी या जगाचा निरोप घेतला. त्यांना जाऊन आता तीन तपांचा काळ लोटला आहे. आज मंचावर उभ्या राहणाऱ्या आपल्या मुलींना त्यांचे नाव ठाऊक असेलच असे नाही. काम पूर्णपणे सिद्धीस गेले म्हणजे करणाऱ्याचे नाव मागे पडते. हे एका परीने यशच आहे. तरीपण ऋणाची नोंद कोठेतरी असावी, या हेतूने हा लेख लिहिला.

मंडळाच्या पुढील गणेशोत्सवात एक संध्याकाळ हिराबाईंच्या जुन्या ध्वनिमुद्रिकांसाठी राखून ठेवावी, अशी आमची नम्र सूचना आहे. शेजारच्या कानडी बंधु-भगिनींनाही अगत्याने बोलवावे. त्या गाण्यावर त्यांचाही आपल्याइतकाच हक्क आहे. आणि गाणे संपल्यावर मंचावर येणाऱ्या मुलीची ओळख करून देताना तिच्या आईचे नावही आवर्जून घ्यावे. ताराबाईंच्या या लेकीला आपल्या मंडळाकडून वाहिलेली तीच खरी आदरांजली होईल.